बादल सरकार यांची तिसरी रंगभूमी : प्रेक्षकाकडून सहभागीकडे

रंगभूमीच्या चर्चेत नाटककार, दिग्दर्शक आणि नट यांचा विचार विस्ताराने होतो. प्रेक्षक मात्र बहुधा गृहीत धरला जातो. अंधारात बसलेल्या या प्रेक्षकाला प्रयोगाचा भागीदार करण्याचा सातत्यपूर्ण प्रयत्न बंगाली नाटककार बादल सरकार (१९२५-२०११) यांनी केला.

व्यवसायाने स्थापत्य अभियंता व नगररचनाकार असलेल्या सरकार यांना ‘एवं इंद्रजित’ या नाटकाने देशभर कीर्ती मिळवून दिली. १९६७ मध्ये त्यांनी कोलकात्यात ‘शताब्दी’ ही नाट्यसंस्था स्थापन केली. कमानी रंगमंचावर यश मिळत असतानाच त्याच्या मर्यादा त्यांना जाणवू लागल्या. नट उजेडात आणि प्रेक्षक अंधारात, या रचनेमुळे दोघांतील थेट संवाद तुटतो. शिवाय नाट्यगृहाचे भाडे, नेपथ्य व प्रकाशयोजना यांच्या खर्चामुळे तिकीट महागते आणि सामान्य माणूस नाटकापासून दूर राहतो.

सरकार यांच्या मांडणीनुसार ग्रामीण लोकरंगभूमी ही पहिली, तर पाश्चात्त्य वळणाची नागर रंगभूमी ही दुसरी. पहिलीकडे प्रेक्षकांशी जिवंत संबंध आहे, पण तिचा आशय पुष्कळदा परंपरागत मूल्ये जपणारा असतो. दुसरीकडे नवा विचार आहे, पण तो शहरातील मोजक्या वर्गापुरता राहतो. या दोहोंच्या समन्वयातून ‘तिसरी रंगभूमी’ साकारली. लवचीकता, सहज नेता येण्याजोगे स्वरूप आणि अल्प खर्च ही तिची तीन वैशिष्ट्ये होत. साधी खोली, अंगण, मैदान किंवा बाग, कोठेही तिचा प्रयोग होऊ शकतो. तिकिटाऐवजी प्रेक्षकांच्या ऐच्छिक देणगीवर तिचा भर राहिला.

‘मिछिल’ (मिरवणूक) हे १९७४ मधील नाटक या पद्धतीचे ठळक उदाहरण आहे. त्यात प्रेक्षकांच्या बैठकीमधून वाटा सोडलेल्या असतात आणि मिरवणुका त्या वाटांनी फिरतात. अखेरीस प्रेक्षकही मिरवणुकीत सामील होतात. ‘भोमा’मध्ये सुंदरबनातील कष्टकऱ्यांचे जीवन शहरी प्रेक्षकांपुढे प्रश्न म्हणून उभे राहते. येथे संवादांइतकेच महत्त्व नटाच्या शरीराला व समूहाच्या हालचालींना आहे.

अर्थात, प्रेक्षक मिरवणुकीत चालला म्हणून समाज बदलला, असे म्हणता येत नाही. अन्याय दूर करण्यास संघटित प्रयत्नच लागतात. मात्र इतरांचे दुःख निमूटपणे पाहत राहण्याच्या सवयीला असा प्रयोग धक्का देतो.

आरोग्य, साक्षरता, स्वच्छता अशा विषयांवरील जनजागृतीसाठी पथनाट्याचा वापर सर्वत्र होतो. अशा वेळी संहिता आधीच ठरवून ती गावकऱ्यांना केवळ ऐकवली, तर चौकात होऊनही ते नाटक एकतर्फीच राहते. प्रेक्षकाला नाटकात स्वतःचा प्रश्न ओळखता यावा आणि त्यावर बोलण्यास अवसर मिळावा, ही लोकसहभागाची खरी कसोटी आहे. विकासविषयक संवादाच्या अभ्यासात सरकार यांच्या कार्याचे महत्त्व यासाठीच आहे.