पर्यायशब्द आणि मूळ पाठ

कर्जत व खालापूर या तालुक्यांतील घराण्यांच्या दप्तरांतून कागद उतरून घेणारे कित्येक उत्साही संग्राहक, वाचकांस सुलभ व्हावें म्हणून, अपरिचित शब्दाच्या जागीं समानार्थी परिचित शब्द घालतात आणि अर्थ तोच राहिल्यामुळें पाठ बदलला नाहीं असें समजतात. ही समजूत संशोधनास किती घातक आहे तें दाखविण्याचा आमचा हेतु आहे.

लेखकाच्या हातून अक्षर गळलें तर वाक्य अडखळतें व दोष उघड होतो. पर्याय पडला असतां वाक्य पूर्वीसारखेंच चालतें, किंबहुना अधिक सफाईनें चालतें. संस्कृत पद्यांत तर वृत्तही साह्य करीत नाहीं. 'पार्थिव' व 'भूमिप' हे दोन्ही शब्द गुरु-लघु-लघु. 'महीपति' व 'नराधिप' यांचेंही माप एकच. एकाच्या जागीं दुसरा बसविल्यास अनुष्टुभाचें कांहींच बिघडत नाहीं. पुण्याच्या भांडारकर संस्थेनें १९१९ सालीं आरंभून १९६६ सालीं पुरी केलेली महाभारताची चिकित्सित आवृत्ति ज्यांनीं चाळली असेल, त्यांना असल्या पर्यायांनीं तिच्या तळटीपा कशा भरल्या आहेत तें ठाऊकच आहे. जेथें निर्णय निश्चित होईना तेथें सुकथनकरांनीं पाठाखालीं नागमोडी रेघ ओढली. हा प्रामाणिकपणा आम्हांस फार मोलाचा वाटतो.

ओवीची गोष्ट निराळी. तिची अक्षरसंख्या सैल, म्हणून चरणाच्या मध्यें पर्याय सहज शिरतो. परंतु पहिल्या तीन चरणांच्या शेवटीं यमक असल्यामुळें तेथील जुना शब्द बहुधा टिकतो. ज्ञानेश्वरीच्या पोथ्या ताडून पाहणारानें प्रथम चरणान्त पाहावेत तें याचसाठीं. एकनाथांनीं शके १५०६ (इ. स. १५८४) मध्यें तिचें शोधन केलें, तेंही पाठभेद माजल्यामुळेंच.

राजकीय कागदांत पर्याय सरकारी आज्ञेनेंही आले. शिवछत्रपतींच्या इच्छेनें सिद्ध झालेल्या राजव्यवहारकोशांत फारसी शब्दांस संस्कृत प्रतिशब्द दिले आहेत. १६७४ च्या राज्याभिषेकाच्या सुमारास मुजुमदाराचा अमात्य, सुरनिसाचा सचिव व डबिराचा सुमंत झाला. (पेशव्याचा मुख्यप्रधान झाला खरा, पण लोकांच्या तोंडीं पेशवाच राहिला.) म्हणून त्यापूर्वीची मिति असलेल्या कागदांत 'अमात्य' आढळल्यास संशय घ्यावा, मात्र कागद बनावट असें लगेच म्हणूं नये. मागाहूनच्या नकलकारानें आपल्या ओळखीचा शब्द घातला असण्याचा संभव असतो. संग्राहकानेंच आज 'मुजुमदार' खोडून 'अमात्य' लिहिला, तर ही कसोटीच हातची जाते.

याहून नाजूक जागा शेतीच्या शब्दांची. बोरघाटाच्या पायथ्याचे 'खाचर', 'वरकस' व 'दळी' हे तिन्ही शब्द 'शेत' लिहून भागत नाहींत. खाचर म्हणजे बांध घातलेली भाताची जमीन. वरकस ही नाचणी-वरी पिकविणारी उंचवट्याची वा उतारावरची. आणि दळी ही डोंगरांतील जंगलजमिनीवरची, ठाकूर-कातकरी यांच्या लागवडीची. 'दळी' जाऊन 'शेत' आलें कीं कोणाचा कोणत्या भूमीशीं काय संबंध होता याचा पुरावाच पुसला जातो, आणि हा पुरावा ज्यांस हवा त्यांच्याजवळ बहुधा दुसरा कागद नसतो. स्थलनामांचेंही तेंच. कुलाबा जिल्ह्यास रायगड हें नांव १९८१ सालीं मिळालें. त्याआधींच्या कागदाच्या नकलेंत 'जिल्हा रायगड' वाचणारा उद्यांचा अभ्यासक कागदावरच अविश्वास दाखवील.

सबब शब्द जसाच्या तसा, अशुद्ध वाटला तरी तसाच, उतरावा. अर्थ द्यावयाचा तो तळटीपेंत द्यावा. समासांत देऊं नये. समासांतील टिपण पुढचा नकलकार मजकुरांत ओढून घेतो. जुन्या पोथींत एकाच अर्थाचे दोन शब्द विनाकारण लागोपाठ आलेले दिसले, तर त्यांतील कठिण शब्द मूळचा व सुगम शब्द समासांतून आंत आलेला, असें बहुधा आढळेल.