चेकचा खटला आणि चुकलेली तारीख

द्राक्षांच्या मालाचा चेक वटला नाहीं म्हणून फिर्याद करणाऱ्या आमच्या गांवच्या एका सभासदाची हकीकत येथें देत आहों. तींत चुकीचा कांहीं वांटा आमचाहि आहे, म्हणून ती सांगणें आम्हांस भाग आहे.

२०२२ च्या हंगामांत या गृहस्थांनीं ४ लक्ष ३० हजार रुपयांचा माल एका व्यापाऱ्यास दिला. चेक ‘शिल्लक अपुरी’ या शेऱ्यासह परत आला. बँकेचा शेरा हातीं आल्यापासून ३० दिवसांत नोटीस, ती पोंचल्यावर पैसे देण्यास १५ दिवस, ते सरल्यावर महिन्याचे आंत फिर्याद, या १८८१ च्या परक्राम्य संलेख अधिनियमाच्या पायऱ्या त्यांनीं बिनचूक पाळल्या. पुढें तीन वर्षें ते दर तारखेस हजर राहिले. त्यांची साक्ष झाली, उलटतपासणीहि झाली. आरोपीचा जबाब तेवढा राहिला होता.

ऑक्टोबर २०२५ मधील तारखेच्या आदल्या रात्रीं छाटणी झालेल्या बागेवर पाऊस पडला. केवड्याच्या धास्तीनें सकाळीं फवारणी केल्यावांचून गत्यंतर नव्हतें. वकीलसाहेब दुसऱ्या कोर्टांत गुंतलेले. पुकारा झाला, कोणी ओ दिली नाहीं, आणि फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम २५६ खालीं आरोपी निर्दोष सुटला.

वकिलांवर रुसून हे गृहस्थ आमच्याकडे आले. आमचा जन्म महसुली दप्तरांत गेलेला. दिवाणी दावा गैरहजेरींत निघाला, तर तो पुन्हा नंबरावर घेण्याचा अर्ज ३० दिवसांत त्याच कोर्टांत देतां येतो, हें आम्हांस ठाऊक. तोच अर्ज आम्हीं त्यांस लिहून दिला! २६ दिवसांनीं तो नामंजूर झाला. फौजदारी कोर्टास आपलाच अंतिम हुकूम फिरवितां येत नाहीं; सर्वोच्च न्यायालयानें १९८६ सालींच तसें ठरविलें आहे. शिवाय हा हुकूम नुसता ‘फिर्याद काढून टाकली’ असा नसून निर्दोष सुटकेचा असतो, त्यामुळें त्याच चेकवर नवी फिर्यादहि चालत नाहीं. उरतें तें अपील.

पूर्वीं त्यासाठीं उच्च न्यायालयाची खास परवानगी लागे व तिचा अर्ज ६० दिवसांत करावा लागे. शेतकऱ्यास मुंबईची वा औरंगाबादची वारी म्हणजे मूळ रकमेला चाट. परंतु ८ एप्रिल २०२५ रोजीं सर्वोच्च न्यायालयानें निर्णय दिला कीं, चेकच्या खटल्यांतील फिर्यादी हा ‘पीडित’ होय व त्यास कलम ३७२ च्या परंतुकाखालीं परवानगीवांचून अपील करतां येतें. त्यामुळें न्यायदंडाधिकाऱ्यांच्या अशा हुकुमावर जिल्ह्याच्या सत्र न्यायालयांत जातां येतें. या परंतुकांत मुदतीचे दिवस लिहिलेले नाहींत. म्हणूनच नक्कल मिळतांच अपील करावें, दिवस मोजीत बसूं नये. आमच्या अर्जापायीं गेलेल्या दिवसांचा खुलासा या गृहस्थांस निराळ्या अर्जानें करावा लागला, व तो लिहितांना आमची मान खालीं गेली.

अपिलांत रडगाणें उपयोगाचें नाहीं, कागद लागतात. आम्हीं वकीलसाहेबांच्या सल्ल्यानें संपूर्ण रोजनाम्याची नक्कल घेतली. तींत आधींच्या प्रत्येक तारखेची हजेरी दिसते. औषधांची त्या दिवसाची पावती व शेजाऱ्याचें प्रतिज्ञापत्र जोडलें. मुख्य मुद्दा मात्र वेगळाच: त्या दिवशीं फिर्यादीचें कामच नव्हतें. फिर्यादीची हजेरी त्या दिवशीं आवश्यक होती काय, हें न्यायदंडाधिकाऱ्यांनीं पाहिलें पाहिजे असें सर्वोच्च न्यायालयानें १९९७ मध्यें म्हटलें आहे. आणि २००२ मध्यें एकाच गैरहजेरीवरून दिलेली सुटका फार कडक ठरवून रद्द केली आहे.

१ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २७९ मध्यें सुटकेपूर्वीं फिर्यादीस हजर होण्यास ३० दिवस द्यावे असें आहे. आमच्या सभासदाची फिर्याद जुनी, त्यांस तो लाभ मिळाला नाहीं. नव्या फिर्यादींतहि, येणें अशक्य झाल्यास गैरहजेरी माफीचा अर्ज वकिलांकडून त्याच दिवशीं पडला पाहिजे; सकाळीं एक फोन केला असता तरी या गृहस्थांचें काम भागलें असतें.

अपील दाखल होऊन आरोपीस नोटीस निघाली आहे. सुनावणी नेमकी खरड छाटणीच्या दिवसांत आली आहे. त्या दिवशीं बागेवर मजुरांपाशीं उभें राहण्याचें आम्हीं पत्करलें आहे.