काचेचें वस्त्र व त्याचा बाजार

वस्त्र म्हटलें कीं आपल्या डोळ्यांपुढें कापूस, रेशीम व लोकर हीं तीन उभीं राहतात. झाड, किडा आणि मेंढी यांनीं मिळून मनुष्याची लाज राखली, असें आम्ही वर्गांत मुलांना गमतीनें सांगत असूं. पुढें रसायनशाळेंतून नायलॉन आलें, टेरिलीन आलें. तीं आपण अंगावर घातलीं आणि त्यांचें नवलही संपलें. परंतु ज्या वस्त्राविषयीं आज चार शब्द लिहावयाचे आहेत, तें अंगावर घालण्यासाठीं नाहींच. तें वाळूपासून होतें, अग्नींत जळत नाहीं, पाण्यानें कुजत नाहीं. वाचकांपैकीं बहुतेकांच्या घरांत तें या क्षणींही आहे, मात्र त्यांनीं तें कधीं पाहिलेलें नाहीं. तें वस्त्र म्हणजे काचेचें कापड. उन्हाळ्यांतील कूलरची पेटी, गॅलरीवरचे अर्धपारदर्शक पत्रे, इमारतीवरची जुनी टाकी यांना आपण नुसतें 'फायबरचें' म्हणतों. त्या फायबराचा कणा हें कापड होय.

आम्ही राहतों तो गारखेडा म्हणजे छत्रपति संभाजीनगराचा, पूर्वींच्या औरंगाबादेचा, दक्षिणेकडील भाग. येथें सूतगिरणी चौक आहे. आज रिक्षावाल्यास पत्ता सांगण्यापुरतेंच तें नांव लोकांच्या तोंडीं येतें, तरी या नगराची जुनी विद्या कोणती याची ती खूणच आहे. हिमरू व मशरू यांचे माग येथें पिढ्यान्पिढ्या चालले. पैठणीचें पैठण येथून सुमारें पन्नास किलोमीटरांवर आहे. आणि १८८९ सालीं या शहरांत कापसाचें सूत काढून विणण्याची गिरणी उभी राहिली. उभें-आडवें सूत ज्या नगराच्या अंगवळणीं पडलें, त्या नगरांतील गृहस्थांस या नव्या सुताची ओळख असावी, एवढाच या लेखाचा हेतु.

काचेचा धागा ओढतां येतो हें जुन्या काचकारांस ठाऊक होतें. भांड्यावर नक्षी काढण्यास ते तो वापरीत. १८९३ सालीं अमेरिकेंत शिकागो येथें भरलेल्या जागतिक प्रदर्शनांत लिबी या काचकारखानदारानें रेशीम व काच यांच्या धाग्यांचा एक स्त्रीपोषाख मांडला होता. तो पाहण्यास लोक जमले, पण ताठपणामुळें तो नित्य वापराच्या कामाचा ठरला नाहीं. खरा मार्ग सांपडला तो १९३२ सालीं. डेल क्लाइस्ट नांवाचा एक तरुण संशोधक काचेचे ठोकळे एकमेकांस सांधण्याच्या खटपटींत होता. त्या वेळीं वितळलेल्या काचेवर दाबाच्या हवेचा झोत बसला आणि तिचे अतिसूक्ष्म तंतु उडाले. या शोधाचा पाठपुरावा होऊन १९३८ सालीं ओवेन्स-कॉर्निंग फायबरग्लास ही कंपनी निघाली. पुढें हे तंतु कृत्रिम राळेंत बसविण्याची युक्ति साधली, आणि १९५३ सालीं शेव्हरोले कंपनीनें कॉर्व्हेट या मोटारीचा सबंध बाहेरचा सांगाडा अशा मिश्र पदार्थाचा करून दाखविला. काच एकटी ठिसूळ, राळ एकटी लेचीपेची. दोघींचा विवाह झाला तेव्हां पोलादाशीं तुलना करण्याजोगें अपत्य जन्मलें.

धागा कसा निघतो तेंही पाहूं. निवडक वाळू, चुनखडी, चिनी माती वगैरे द्रव्यें दळून भट्टींत सुमारें १४०० ते १५०० अंश उष्णतेवर वितळवितात. हा रस प्लॅटिनम व ऱ्होडियम यांच्या मिश्रधातूच्या पात्रांत येतो. त्या पात्राच्या तळास शेंकडों, प्रसंगीं हजारों छिद्रें असतात. त्यांतून पाझरणारा रस वेगानें फिरणाऱ्या रिळावर ओढला कीं त्याचे तंतु होतात. मनुष्याचा केंस सुमारें ७० मायक्रॉन जाड धरला, तर हा तंतु बहुधा ९ ते २४ मायक्रॉनच असतो. कोष्टी ताण्याला खळ देतो, तशी या तंतूलाही खळ द्यावी लागते. नाहींतर तंतु एकमेकांवर घासून तुटतात. ही खळ अर्थात् पेजेची नसते. ती अशा रसायनांची असते कीं जिच्या योगें पुढें राळ काचेला घट्ट धरते.

बाजारांत यापासून झालेला माल मुख्यत्वें तीन रूपांनीं येतो. तंतूंचे दोन बोटांएवढे तुकडे वाटेल तसे पसरून चिकटविले म्हणजे 'मॅट' होते. जाड धागे उभे-आडवे विणले म्हणजे 'विणलेलें रोव्हिंग' होतें. बारीक पीळदार सुताचें विणलें तें खरें 'ग्लास क्लॉथ'; तें रेडिओपासून भ्रमणध्वनीपर्यंत सर्व यंत्रांतील हिरव्या पट्टींच्या पोटांत असतें. मोटरीच्या वाइंडिंगचें काम करणारे कारागीर काचेची फीत व नळी वापरतात तीही याच कुळांतली. गिलाव्याला तडे जाऊं नयेत म्हणून भिंत आणि खांब यांच्या सांध्यावर बसवितात ती जाळी हें चौथें भावंड म्हणावें.

आमचा एक जुना विद्यार्थी चिकलठाण्याकडे फायबरच्या वस्तु घडविण्याचा लहानसा कारखाना चालवितो. गच्चीच्या एका कोपऱ्यास थोडें कापड हवें होतें म्हणून आम्हीं त्याच्याकडे तीन मीटर मागितलें. तो हंसला व म्हणाला, "गुरुजी, तुम्ही मीटर सांगितलेत, ग्रॅम कुठें सांगितलेत? आमच्याकडे कापड तराजूवर विकतात." एक चौरस मीटर कापडाचें वजन किती ग्रॅम यावरून याची जात ठरते. मॅट सामान्यतः ३००, ४५० व ६०० ग्रॅमची मिळते. लुगडें घेतांना आपण पोत, कांठ व पदर पाहतों. येथें पोत म्हणजे वजन.

या भागांत गिऱ्हाईक कोण, असें विचारतां त्यानें जी यादी सांगितली ती मोठी होती. चिकलठाणा, वाळूज व शेंद्रा येथील कारखान्यांना यंत्रांवरचीं झांकणें, आम्लाच्या टाक्या व त्यांचीं अस्तरें, वाहनांचे भाग लागतात. मार्गशीर्ष-पौषापासून कूलरवाल्यांची घाई सुरू होते, कारण मराठवाड्याचा उन्हाळा कोणाची वाट पाहत नाहीं. वैशाखांत पत्रे व गच्चीचें काम निघतें. गणपतीच्या मोठ्या मूर्ति, देखाव्यांच्या कमानी, बागेंतील घसरगुंड्या यांचें काम मधूनमधून असतेंच. धुळें जिल्ह्यांतील ब्राह्मणवेलच्या पठारावर ज्या पवनचक्क्या फिरतात, त्यांचीं पातींही याच वस्त्राचीं. पण तें मोठ्या कारखान्यांचें काम. लहान कारखानदार आपला माल घाऊक व्यापाऱ्याकडून घेतो, व तो व्यापारी बहुधा मुंबई-पुण्याकडून आणवितो.

आतां हा माल मुळांत येतो कोठून? नवी मुंबईच्या पलीकडे तळोजें येथें ओवेन्स कॉर्निंगनें, आणि गोव्यांत बार्देश तालुक्यांतील कोलवाळ येथें गोवा ग्लास फायबर कंपनीनें धागा काढण्याच्या भट्ट्या उभारल्या. चीनमध्यें तर चज्यांग प्रांतांतील ज्यूशी ही कंपनी जगांतील सर्वांत मोठ्या उत्पादकांपैकीं आहे. या धंद्याचें एक मर्म लक्षांत ठेविलें पाहिजे. काचेची भट्टी एकदां पेटविली कीं वर्षानुवर्षें रात्रंदिवस चालू ठेवावी लागते. चुलीप्रमाणें ती संध्याकाळीं विझवितां येत नाहीं. मागणी असो वा नसो, धागा निघतच राहतो, आणि सांठलेला माल मग पडेल त्या भावानें परदेशीं ढकलण्याचा मोह होतो. त्यामुळें आपल्या सरकारनें २०१०-११ च्या सुमारास चिनी काचतंतूंवर संरक्षक जकात बसविली व पुढें तिची मुदत वाढविली. धागा काढणारास ती जकात आधार वाटली. साचे भरणाऱ्या लहान कारखानदारास तीच महागाई वाटली. दोघांचेंही म्हणणें आपापल्या जागीं खरें आहे. परंतु महागाईचा भार लहान कारखानदार कोणावर टाकतो, हा प्रश्न आपल्या घराशीं येऊन भिडतो.

हिमरूचा कारागीर आपली सारी कला कापडाच्या दर्शनी बाजूस मांडतो. मशरूंत तर रेशीम बाहेरून दिसतें आणि सूत अंगाला लागतें. दोन्हीं बाजू गिऱ्हाइकाच्या हातांत असतात. काचेच्या वस्त्राचें उलट आहे. तें राळेंत बुडालें, वरून रंगाचा गुळगुळीत लेप बसला, कीं आंत किती थर घातले व ते किती ग्रॅमचे, हें कोणासही दिसत नाहीं. जेथें कसब दिसत नाहीं तेथें लबाडीही दिसत नाहीं.

थोडें गणित करूं. दहा चौरस मीटर पृष्ठभागाच्या टाकीस ४५० ग्रॅमच्या मॅटचे दोन थर ठरले, तर काच लागेल ९ किलो. कारागिरानें ३०० ग्रॅमची वापरली तर ६ किलो. फरक तीनच किलोंचा दिसतो. पण मॅट आपल्या वजनाच्या सुमारें अडीचपट राळ पिते. म्हणजे काचेबरोबर साडेसात किलो राळही वांचली, व एकंदर साडेदहा किलो माल टाकींतून नाहींसा झाला. जाडी दोन-तृतीयांश उरली. पत्र्याचा वांकण्यास होणारा विरोध जाडीच्या घनाप्रमाणें बदलतो, हें आपण शाळेंत शिकलेल्या गणितानें पडताळतां येईल: दोनाचा घन ८, तिनाचा घन २७. तृतीयांश माल गेला आणि ताठपणा तिसऱ्या हिश्शाहूनही खालीं आला. आमच्या गल्लींतील एका गृहस्थांच्या नव्या टाकीला दुसऱ्याच उन्हाळ्यांत पोट सुटलें, त्याचें कारण दैव नव्हे. हा घन होय.

जाळीच्या बाबतींत आणखी एक फसगत होते. सिमेंटमध्यें तीव्र क्षार असतो, व तो साध्या काचेला हळूहळू खातो. म्हणून गिलाव्यांत घालावयाच्या जाळीवर क्षाररोधक लेप तरी हवा, नाहींतर ती झिर्कोनियायुक्त काचेची तरी हवी. स्वस्त जाळी दोन-तीन वर्षांत आंतल्या आंत कुजते, आणि तडा जेथल्या तेथें पुन्हा उगवतो.

परंतु स्वस्ताईची खरी किंमत गिऱ्हाईकाच्या आधीं दुसराच कोणी देत असतो. आमच्या विद्यार्थ्याच्या कारखान्यांत आम्ही घटकाभर उभे होतों. काचेच्या बारीक कुसळांनीं कामगारांच्या मनगटांवर पुरळ उठलेलें दिसलें. हे अखंड तंतु जाड असल्यानें फुप्फुसांत खोल शिरत नाहींत. आंतरराष्ट्रीय कर्करोग संशोधन संस्थेनें २००१ सालीं तपासणी करून त्यांना कर्करोगकारक म्हणून वर्गीकृत केलें नाहीं. राळेच्या वासाची गोष्ट मात्र वेगळी. तो वास स्टायरीन या द्रवाचा असतो, आणि २०१८ सालीं त्याच संस्थेनें स्टायरीनला 'संभाव्य कर्करोगकारक' या वरच्या वर्गांत घातलें. त्याशिवाय राळ घट्ट करणारें हार्डनर व तिला वेग देणारें कोबाल्टाचें द्रावण हीं दोन्हीं परस्पर सरळ मिसळलीं तर स्फोट होण्याची भीति असते. म्हणून एक राळेंत पुरतें घोटल्यावरच दुसरें घालतात. मोकळी हवा, ओढपंखा, हातमोजे आणि योग्य गाळणीचा मुखपट्टा एवढें असलें कीं काम निर्धोकपणें होतें. पण या चारही वस्तूंना पैसे पडतात. आमचा विद्यार्थी म्हणाला, "गुरुजी, पंखा बसवला त्या वर्षीं माझा भाव शेजाऱ्यापेक्षां थोडा वर गेला, आणि दोन कूलरवाले तिकडे गेले." तो पंखा त्यानें काढला नाहीं याचा आम्हांस अभिमान वाटला; परंतु अभिमानावर कारखाना चालत नाहीं. तो चालतो गिऱ्हाईकाच्या विवेकावर.

म्हणून घरांतील कर्त्या मंडळींनीं, विशेषतः घराची डागडुजी जिच्या देखरेखीखालीं होते त्या गृहिणीनें, चार प्रश्न विचारावे. मॅट किती ग्रॅमची? थर किती? जाळी क्षाररोधक आहे काय? आणि काम कोणत्या जागीं, कशा हवेंत होतें? मॅट व विणलेलें रोव्हिंग यांना भारतीय मानक संस्थेचीं प्रमाणें आहेत, त्यांचा उल्लेख बिलावर मागावा. पडताळाही सोपा आहे. राळ लावण्यापूर्वीं मॅटचा एक फूट लांब, एक फूट रुंद तुकडा कापून स्वयंपाकघरांतील कांट्यावर ठेवावा. ४५० ग्रॅमची असेल तर तो सुमारें ४२ ग्रॅम भरेल, ३०० ची असेल तर २८. जाळीचे धागे नखानें सरकवून पाहावे. लेप चांगला असेल तर ते जागचे हलत नाहींत.

हे प्रश्न विचारल्यानें दुकानदार चिडेल अशी शंका घेऊं नये. प्रामाणिक दुकानदारास असें गिऱ्हाईक हवेंच असतें, कारण त्याचा महाग माल महाग कां आहे हें समजणारा कोणी भेटला याचें त्याला समाधान होतें. पैठणी घेतांना जर आपल्या घरच्या स्त्रिया पदर उलटून मागची बाजू पाहतात, तर पंचवीस वर्षें डोक्यावर राहावयाची टाकी घेतांना अर्धा तास खर्चण्यास हरकत कसली? त्या अर्ध्या तासानें आपली टाकी टिकेल, आणि चिकलठाण्याच्या त्या शेडमधला पंखाही फिरत राहील.