वीस मिनिटांची नळी

मंचर-नारायणगाव परिसरात पावसाळा हा पेरणीचा हंगाम, तसाच तो सर्पदंशाचाही. उसाच्या सरीत पाय पडतो, कडब्याच्या गंजीखाली हात जातो आणि माणूस दवाखान्यात आणला जातो. अशा वेळी डॉक्टरांच्या हाती असलेल्या एका मोलाच्या तपासणीस ना यंत्र लागते, ना वीज. शिरेतून दोन मिलिलिटर रक्त घ्यावयाचे, स्वच्छ, कोरड्या काचेच्या नळीत ते २० मिनिटे न हलविता ठेवावयाचे आणि मग नळी तिरपी करावयाची. रक्त गोठले नसेल, तर घोणस किंवा फुरसे यांचे विष भिनले असे मानून प्रतिविष सुरू करता येते. काचेच्या स्पर्शाने गोठण्याची क्रिया सुरू होते. म्हणून नळी प्लॅस्टिकची असली, अथवा साबणाच्या पावडरीने धुतलेली असली, तर निरोगी माणसाचे रक्तही पातळ राहू शकते.

खरा घोटाळा होतो तो रक्त गोठल्यावर. ‘रिपोर्ट नॉर्मल’ हे शब्द ऐकताच नातेवाइकांचा जीव भांड्यात पडतो आणि घरी जाण्याची घाई सुरू होते. वस्तुतः नळीला विचारलेला प्रश्न एवढाच होता की, या घटकेला रक्त गोठते की नाही. (परीक्षेत प्रश्न चुकीचा वाचणाऱ्या विद्यार्थ्याचे गुण तेवढे जातात, येथे जीव जातो.) नाग आणि मण्यार यांचे विष मज्जातंतूंवर आघात करते. रक्त व्यवस्थित गोठत असतानाच पापण्या जड होतात, गिळता येईनासे होते, श्वास मंदावतो. त्यातही मण्यार बहुधा रात्री, जमिनीवर झोपलेल्यास चावते. वेदना फारशी होत नाही, दंशाची खूणही पुष्कळदा सापडत नाही. घोणस चावली असली, तरी पहिल्या तासातील नळी निर्धास्त दिसू शकते. म्हणूनच तपासणी पुनःपुन्हा करावयाची आणि रुग्णास निदान २४ तास नजरेखाली ठेवावयाचे.

मग सर्वांनाच प्रतिविष का टोचू नये? कारण ते घोड्याच्या रक्तापासून बनते, त्याची प्रतिक्रिया कधी जिवावर बेतते आणि कित्येक दंश तर बिनविषारी सापांचेच असतात.

२००० ते २०१९ या काळात भारतात सर्पदंशाने सुमारे १२ लाख माणसे दगावली, असा अंदाज २०२० मध्ये प्रसिद्ध झाला. नारायणगावात डॉ. सदानंद आणि डॉ. पल्लवी राऊत यांनी या प्रश्नावर दीर्घकाळ काम केले आहे. परंतु अहवालाच्या कागदावर दंशाची वेळ, रक्त घेतल्याची वेळ आणि पुढच्या नळीची वेळ लिहिण्यास कोणा तज्ज्ञाची वाट पाहावी लागत नाही.