जखम, साक्ष आणि शिक्षा

जीवघेण्या हल्ल्याचा खटला उच्च न्यायालयात अपिलाला येतो, तोवर घटनेला बरीच वर्षं लोटलेली असतात. कोयता मुद्देमालात पडून गंजलेला असतो. न्यायमूर्तींपुढे असतं ते पेपरबुक: फिर्याद, पंचनामे, सरतपास, उलटतपास, डॉक्टरांचं सर्टिफिकेट आणि सेशन्स कोर्टाचा निकाल. साक्षीदार उत्तर देताना कुठे अडखळला, कुठे ठाम राहिला, हे त्यातून फारसं कळत नाही. तरीही खालच्या निकालावरून नुसती नजर फिरवणं म्हणजे अपील नव्हे. सगळा पुरावा नव्याने तपासण्याचा पूर्ण अधिकार उच्च न्यायालयाला आहे, असं प्रिव्ही कौन्सिलने १९३४ सालीच एका हिंदुस्थानी अपिलात स्पष्ट केलं होतं. त्याच निकालात एक सावधगिरीही होती. ज्या न्यायाधीशाने साक्षीदाराला समोर बोलताना पाहिलं, त्याच्या मताला मान द्यायचा आणि आरोपी तिथे निर्दोष सुटला असेल तर तो निकाल उलटवताना घाई करायची नाही.

पुराव्यात सर्वांत वजनदार साक्ष असते ती खुद्द जखमीची. तो घटनास्थळी होता हे त्याच्या अंगावरचे वारच सांगतात, आणि खऱ्या हल्लेखोराला सोडून दुसऱ्याच कुणाला तो गोवेल, हे सहसा पटण्यासारखं नसतं. सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली मध्य प्रदेशातील एका अपिलात हे तत्त्व पुन्हा मांडलं. डोळ्यांनी पाहिलेलं आणि डॉक्टरांनी लिहिलेलं यांत फरक पडला, तर केवळ तेवढ्यावरून साक्ष फेटाळता येत नाही. साक्षीदार सांगतो तसं घडणं वैद्यकीयदृष्ट्या अशक्यच ठरत असेल, तर गोष्ट वेगळी.

पण गावातल्या मारामारीत जखमी माणूसही वाढवून सांगतो. बांधावरून जुनं वैर असतं. दोघांनी मारलेलं असतं आणि फिर्यादीत सात नावं येतात, त्यात घरी बसलेला चुलताही असतो. बचावाचे वकील मग पोलिसांपुढचा जबाब काढतात. त्या जबाबावर कायद्याने साक्षीदाराची सही घ्यायची नसते आणि तो पुरावा म्हणूनही चालत नाही; कोर्टातल्या साक्षीशी असलेली विसंगती दाखवण्यापुरताच तो वापरता येतो. काठी की लोखंडी गज, आधी डोक्यावर की खांद्यावर, असे प्रश्न तासन् तास चालतात. त्यात गैर काही नाही. मात्र भेदरलेल्या माणसाची स्मृती चित्रफितीसारखी जशीच्या तशी उलगडत नाही, याची जाणीव सर्वोच्च न्यायालयाने १९८३ साली गुजरातमधल्या एका अपिलात करून दिली होती. एक गोष्ट खोटी निघाली म्हणून सगळी साक्ष खोटी, हा नियम भारतात चालत नाही. सुपात धान्य पाखडावं तशी साक्ष पाखडावी लागते आणि हे काम निकालपत्रात पानोपान दिसायला हवं. ज्या निकालात ते दिसत नाही, तो दोषी ठरवणारा असो वा सोडणारा, अर्धवटच म्हणायला हवा.

दुसरा कळीचा प्रश्न कलमाचा. ‘जबर दुखापत’ हा शब्द बोलण्यात सैल वापरला जातो, पण कायद्यात तिचे आठच प्रकार आहेत: डोळा वा कान कायमचा निकामी होणं, सांधा जाणं, चेहरा विद्रूप होणं, हाड किंवा दात मोडणं वगैरे. तीव्र वेदनांची वीस दिवसांची जुनी अट भारतीय न्याय संहितेत पंधरा दिवसांवर आली आहे. १ जुलै २०२४ पूर्वीच्या घटनांना मात्र जुनी दंडसंहिताच लागू राहते. प्रकारांची यादी अशी ठरलेली असल्यामुळे हाड मोडल्याचं सर्टिफिकेटात लिहिलेलं असूनही एक्स-रे कोर्टात दाखल नसेल, तर बचाव पक्ष नेमका तिथेच बोट ठेवतो.

खुनाच्या प्रयत्नात जखमेपेक्षा हेतूला महत्त्व आहे. महाराष्ट्र सरकारच्या एका अपिलात सर्वोच्च न्यायालयाने १९८३ साली म्हटलं, की जीव जाण्याइतकी जखम झालीच पाहिजे असं जुनं कलम ३०७ म्हणत नाही. हत्यार कोणतं, वार कुठे, किती जोराने आणि कशामुळे थांबला, यावरून हेतू ताडायचा. मधे कुणी हात घातला म्हणून मानेवरचा वार खांद्यावर निसटला, तर जखम छोटी पण गुन्हा मोठा असू शकतो.

आणि मग शिक्षा. दोष ठरवण्यासाठी चाळीस पानं खर्चणारी निकालपत्रं शिक्षेला कधी कधी दोन परिच्छेद देतात, ही खरी खंत आहे. हेतू सिद्ध होऊन दुखापतही झाली असेल, तर कमाल शिक्षा जन्मठेपेची आहे. अल्पशा कैदेपासून तिथपर्यंतच्या प्रचंड अंतरात कुठे थांबायचं, याची ठरलेली मोजपट्टी भारतात नाही. अपील रखडतं, आरोपी जामिनावर असतो, त्याचं लग्न होतं, मुलं होतात, आणि ‘भोगली तेवढी शिक्षा पुरे’ अशी विनंती होते. काही प्रकरणांत ती रास्तही असते. पण जखमीला पैसे दिले म्हणून शिक्षा माफ होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने अनेकदा बजावलं आहे.

आरोपीने स्वतः केलेल्या अपिलात त्याची शिक्षा वाढवता येत नाही. वाढीसाठी सरकारला वेगळं अपील करावं लागतं, आणि त्यातही आरोपी ‘मला निर्दोष सोडा’ असं म्हणू शकतो. पीडिताला २००९ अखेरपासून अपिलाचा हक्क मिळाला: आरोपी सुटला, हलक्या कलमाखाली दोषी ठरला किंवा भरपाई अपुरी दिली तर. शिक्षा कमी झाली, या कारणासाठी मात्र त्याला अपील करता येत नाही, असं २०२० साली स्पष्ट झालं. ज्याचा हात कायमचा लुळा पडला त्याला हा मुद्दा मांडण्यासाठी सरकारचंच तोंड पाहावं लागतं, हे अन्यायाचं आहे.

भरपाईबाबत सर्वोच्च न्यायालयाचा २०१३ सालचा महाराष्ट्रातल्याच एका अपिलाचा निकाल प्रत्येक वकिलाने वाचावा असा आहे. शेतावरचा कुत्रा भुंकला म्हणून आरोपीने त्याला लोखंडी पाइप मारला. शेतकऱ्याने हटकलं, आणि तोच पाइप त्याच्या डोक्यात बसला. शेतकरी दगावला. अचानक उसळलेलं भांडण आणि डोक्यावरचा एकच घाव पाहून खुनाऐवजी सदोष मनुष्यवधाचं कलम लागलं आणि शिक्षा पाच वर्षांवर आली. त्याच निकालात न्या. टी. एस. ठाकूर यांनी सांगितलं, की प्रत्येक फौजदारी खटल्यात भरपाईचा विचार करणं हे कोर्टाचं कर्तव्य आहे. ती दिली तर का आणि नाकारली तर का, याची कारणं लिहायची, आणि आरोपीची ऐपत तपासायची. खटले आणि अपिलं चालवणाऱ्या न्यायाधीशांपर्यंत पोचावी म्हणून निकालाची प्रत सर्व उच्च न्यायालयांकडे पाठवण्यात आली. तेव्हापासून जखमीच्या वकिलाला हा निकाल दाखवून ती कारणं हक्काने मागता येतात.