पुसलेली छायाचित्रे परत मिळतात. मात्र कार्ड वापरणे थांबवा!

अहिल्यानगर : पावसाळ्याच्या तोंडावर भंडारदरा परिसरात काजव्यांचा हंगाम जेमतेम काही आठवड्यांचा असतो. रात्रभर जागून टिपलेली ती छायाचित्रे घरी आल्यावर चुकून 'डिलीट' झाली, तर पुढच्या वर्षाची वाट पाहावी लागते. लग्नसमारंभातील छायाचित्रांचे तर तेवढेही नाही. पंगतीत बसलेले आजोबा पुढच्या कार्याला असतीलच असे नाही. मात्र अशा वेळी लगेच हताश होण्याचे कारण नाही. पुसलेले छायाचित्र बहुतेकदा कार्डावरच असते.

पुसले म्हणजे काय होते?

मेमरी कार्डावर छायाचित्रांच्या जोडीला त्यांची एक अनुक्रमणिकाही असते. 'डिलीट' करताच त्यातील नोंद रद्द होऊन ती जागा मोकळी असल्याचे मानले जाते. मूळ मजकूर मात्र तसाच राहतो. पुस्तकाचे पान न फाडता अनुक्रमणिकेतील ओळ खोडावी, तसा हा प्रकार. 'क्विक फॉरमॅट'मध्येही बहुधा अनुक्रमणिकाच नव्याने मांडली जाते. त्या मोकळ्या जागेवर नवे छायाचित्र साठवले गेले, की जुने कायमचे जाते.

काय करावे?

* कार्ड तत्काळ कॅमेऱ्याबाहेर काढावे. 'एकच फोटो काढून बघू' हा मोह टाळावा.
* एसडी कार्डाच्या कडेची छोटी कळ 'लॉक'कडे सरकवावी.
* संगणकाने कार्ड फॉरमॅट करण्याविषयी विचारल्यास नकार द्यावा.
* कार्ड रीडरमधून जोडून 'फोटोरेक' किंवा 'रेकुव्हा' यांसारखी सॉफ्टवेअर वापरावीत. 'फोटोरेक' विनामूल्य आहे.
* सापडलेली छायाचित्रे त्याच कार्डावर नव्हे, तर संगणकावर साठवावीत.

'फोटोरेक' अनुक्रमणिकेवर विसंबत नाही. प्रत्येक जेपीजी छायाचित्राच्या आरंभी 'एफएफ डी८ एफएफ' ही ठराविक खूण असते. ती शोधत हे सॉफ्टवेअर संपूर्ण कार्ड चाळते. त्यामुळे छायाचित्रे मिळाली तरी मूळ नावे बहुधा मिळत नाहीत. तुकड्यातुकड्यांनी साठवलेले मोठे व्हिडिओ अर्धवट निघण्याचीही शक्यता असते.

उपाय कुठे थांबतो?

संगणकाला कार्ड दिसतच नसेल, तर सॉफ्टवेअरचा उपयोग नाही. ते काम प्रयोगशाळेचे. मोबाइलच्या अंतर्गत साठ्यातील माहिती आता सांकेतिक स्वरूपात असते, म्हणून तेथे ही युक्ती सहसा चालत नाही. त्याऐवजी आधी कचरापेटी पाहावी. आयफोनमध्ये पुसलेली छायाचित्रे साधारण ३० दिवस, तर 'गुगल फोटोज'मध्ये बॅकअप घेतलेली ६० दिवस राहतात.

दुसरी बाजूही ध्यानात घ्या

जे आपल्याला परत मिळते, ते परक्यालाही मिळू शकते. जुने कार्ड विकताना किंवा कोणाला देताना केवळ 'डिलीट' करणे पुरेसे नाही. संगणकावर 'क्विक फॉरमॅट'ची खूण काढून पूर्ण फॉरमॅट करावे. छायाचित्रे अगदीच खासगी असतील, तर कार्ड मोडून टाकणेच इष्ट.

सर्वांत खात्रीचा उपाय मात्र साधाच आहे. कार्यक्रम संपताच छायाचित्रांच्या दोन प्रती दोन वेगळ्या ठिकाणी ठेवाव्यात आणि त्या उघडून पाहिल्यावरच कार्ड रिकामे करावे.