कुपीवर पहारा, सुई मोकळी

२०२५चा जून. इंग्लंडच्या ईशान्य भागात, डरहॅमच्या आसपास, रुग्णालयांत एकापाठोपाठ एक माणसं येऊ लागली. पापण्या उचलत नव्हत्या, एकाचं दोन दिसत होतं, जीभ जड झाली होती, पाण्याचा घोट गिळताना ठसका लागत होता. ही सगळी बोट्युलिझमची लक्षणं. आजार इतका दुर्मीळ की कित्येक डॉक्टरांना उभ्या आयुष्यात त्याचा एकही रुग्ण भेटत नाही. ४ जून ते १४ जुलै या सहा आठवड्यांत इंग्लंडमध्ये अशा ३८ जणांची नोंद झाली. शिळंपाकं कुणी खाल्लेलं नव्हतं. चेहऱ्यावरच्या सुरकुत्या जाव्यात म्हणून त्यांनी सुई टोचून घेतली होती, आणि सुईतलं द्रव्य बिनपरवाना असावं असा आरोग्य यंत्रणेला संशय होता.

ही बातमी वाचताना मला बारा वर्षांपूर्वीचा एक सरकारी अहवाल आठवत राहिला. असं काही घडणार, हे त्यात जवळजवळ लिहूनच ठेवलं होतं. पण त्याच्याकडे वळण्याआधी कुपीतल्या द्रव्याची गोष्ट सांगायला हवी. कारण तिची सुरुवात फार जपून पावलं टाकणाऱ्या माणसांपासून होते.

एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला जर्मनीतल्या व्युर्टेंबर्ग भागात सॉसेज खाऊन माणसं मरत. युस्टिनस केर्नर नावाच्या डॉक्टरने त्या मृत्यूंच्या बारीक नोंदी केल्या, स्वतःच्या जिभेवर ते विष घेऊन पाहिलं, आणि कधीतरी त्याचं औषधही होऊ शकेल असा तर्क मांडला. लॅटिनमध्ये सॉसेजला ‘बोट्युलस’ म्हणतात, आजाराचं नाव त्यावरून पडलं. पुढे १८९५ साली बेल्जियममधल्या एलझेल या गावात एका अंत्यविधीला आलेल्या वाजंत्र्यांनी डुकराचं खारवलेलं मांस खाल्लं, त्यातले तिघे दगावले. त्या मांसातून एमिल व्हॅन एर्मेंगेम यांनी विष तयार करणारा जीवाणू वेगळा काढला.

केर्नरचा तर्क खरा व्हायला दीडशे वर्षं लागली. सॅन फ्रान्सिस्कोतले नेत्रतज्ज्ञ अॅलन स्कॉट तिरळेपणावर शस्त्रक्रियेशिवायचा उपाय शोधत होते. डोळ्याला एका बाजूला ओढणारा स्नायू थोडा ढिला करता आला तर? या विषाची अतिसूक्ष्म मात्रा त्यांनी आधी माकडांवर, मग परवानगी मिळाल्यावर माणसांवर वापरली. अमेरिकेत औषध म्हणून त्याला मान्यता मिळाली ती १९८९च्या डिसेंबरात, तिरळेपणा आणि पापण्या आपोआप घट्ट मिटण्याचा विकार यांसाठी. दरम्यान १९८७मध्ये कॅनडातल्या व्हँकुव्हर इथे डॉ. जीन कॅरुथर्स यांच्याकडे पापण्यांसाठी उपचार घेणाऱ्या एका रुग्णाच्या लक्षात आलं, की सुईनंतर आपल्या भुवयांमधल्या आठ्याही निवळतात. जीन यांचे पती अॅलिस्टर त्वचारोगतज्ज्ञ. दोघांनी मिळून अभ्यास केला, १९९२मध्ये तो प्रसिद्ध झाला, आणि एप्रिल २००२मध्ये अमेरिकेने आठ्यांसाठी या औषधाला, म्हणजे बोटॉक्सला, मान्यता दिली. मान्य मात्रा २० युनिट, पाच ठिकाणी वाटून. एका कंपनीचं युनिट दुसऱ्या कंपनीच्या युनिटाबरोबर जुळत नाही, ही सूचनाही सोबत असते. अस्सल कुपी आणि जाणता हात असेल तर हे औषध सुरक्षित आहे, याबद्दल माझ्या मनात शंका नाही.

दुसरी धार फिलरची, म्हणजे त्वचेखाली भरण घालण्याची. तिचा इतिहास जास्त दुखरा आहे. १८९९मध्ये व्हिएन्नाचे शल्यचिकित्सक रॉबर्ट गेर्सुनी यांनी पॅराफिन टोचून शरीरातली उणीव भरून काढली, आणि थोड्याच वर्षांत युरोपभर नाकं आणि गाल मेणाने भरले जाऊ लागले. मेण जागचं हललं, त्याच्या गाठी झाल्या. पुढे ड्यूक ऑफ मार्लबरोची पत्नी झालेली ग्लॅडिस डीकन तिच्या काळातली नावाजलेली सुंदरी. तिने नाकाची रेघ सरळ व्हावी म्हणून मेण भरून घेतलं, ते खाली सरकलं आणि चेहरा कायमचा बिघडला. मेणानंतर द्रवरूप सिलिकॉन आलं, त्यानेही तेच केलं. १९८१मध्ये गाईच्या कातडीपासून काढलेल्या कोलॅजनला अमेरिकेत मान्यता मिळाली, तेव्हा आधी हातावर चाचणी घेऊन काही आठवडे थांबावं लागे, कारण शंभरातल्या तिघांना त्याचं वावडं निघायचं. १९९६मध्ये स्वीडनहून हायल्युरॉनिक आम्लाचं जेल आलं. हे द्रव्य आपल्या शरीरात असतंच, त्यामुळे चाचणीची गरज उरली नाही, आणि चुकलंच तर हायल्युरॉनिडेज नावाचं विकर टोचून जेल विरघळवता येतं. थांबून पाहण्याचे ते काही आठवडे गेले आणि दुपारच्या जेवणाच्या सुट्टीत ओठ भरून घेण्याचे दिवस आले.

‘विरघळवता येतं’ या शब्दांवर या धंद्याने फार भार टाकला आहे. चेहऱ्यात रक्तवाहिन्यांचं दाट जाळं आहे. नाकाच्या कडेने, दोन भुवयांच्या मधून जाणाऱ्या वाहिन्या आत डोळ्याला रक्त पुरवणाऱ्या धमनीशी जोडलेल्या असतात. सुईचं टोक चुकून वाहिनीत शिरलं आणि जोर लावून जेल ढकललं, तर ते उलट्या दिशेने मागे जातं. दाब सोडला की रक्ताबरोबर पुढे वाहतं आणि डोळ्याच्या पडद्याचा रक्तपुरवठा तोडतं. दृष्टी जायला मिनिटं पुरतात, आणि गेलेली दृष्टी सहसा परत येत नाही. डोळा वाचला तरी ज्या कातडीचं रक्त तुटलं ती आधी पांढरी पडते, मग जांभळी जाळी उमटते, मग काळी होते. तो पांढरा रंग पाहताक्षणी ओळखणं, विकराची कुपी हाताशी असणं आणि ते किती व कुठे टोचायचं हे ठाऊक असणं, एवढ्यावर पुढचं सगळं ठरतं. आता हेही लक्षात घ्या की विकराची ती कुपी ब्रिटनमध्ये डॉक्टरी चिठ्ठीशिवाय मिळत नाही. जेल मात्र कुणीही मागवू शकत होतं.

ब्रिटनचं सारं दुखणं इथे आहे. बोटॉक्स हे चिठ्ठीवरचं औषध, म्हणून चिठ्ठी लिहायला डॉक्टर, दंतवैद्य किंवा तसा अधिकार असलेली परिचारिका हवी. टोचणारा मात्र कुणीही चालतो, त्याने चिठ्ठी लिहिणाऱ्याच्या सूचनेप्रमाणे टोचलं म्हणजे झालं. रुग्णाला न पाहता फोनवर चिठ्ठी द्यायला डॉक्टरांना २०१२मध्ये बंदी झाली. परिचारिकांना तीच बंदी लागू व्हायला २०२५चा जून उजाडावा लागला. फिलर तर औषधच नाही, त्यामुळे तिथे चिठ्ठीचाही प्रश्न नाही. लेझरच्या बाबतीत इंग्लंड चक्क मागे गेलं. सौंदर्यासाठी लेझर वापरणाऱ्या केंद्रांना पूर्वी नोंदणी सक्तीची होती, ऑक्टोबर २०१०मध्ये ती सक्ती काढून टाकण्यात आली.

याच सुमारास फ्रान्समधल्या पीआयपी कंपनीचं प्रकरण फुटलं. स्तनरोपणाच्या पिशव्यांत तिने वैद्यकीय दर्जाच्या सिलिकॉनऐवजी औद्योगिक सिलिकॉन भरलं होतं. हजारो ब्रिटिश स्त्रियांच्या शरीरात त्या पिशव्या होत्या. सरकारने हृदयशल्यचिकित्सक सर ब्रूस कीओ यांना चौकशीला बसवलं. त्यांनी शस्त्रक्रियेपुरतं न पाहता सुईच्या बाजारातही डोकावलं, हा त्यांचा मोठेपणा. त्यांना दिसलं की दर दहा सौंदर्योपचारांतले नऊ शस्त्रक्रियेविना होतात, आणि बाजारातला तीन चतुर्थांश पैसाही तिथेच आहे. एप्रिल २०१३च्या त्यांच्या अहवालातली एक तुलना गाजली: असा उपचार घेणाऱ्याला साधं बॉलपेन किंवा दात घासायचा ब्रश विकत घेणाऱ्या ग्राहकापेक्षा जास्त संरक्षण नाही. फिलर चिठ्ठीशिवाय मिळू नये, टोचणाऱ्यांचं प्रशिक्षण ठरवून द्यावं आणि त्यांची नोंदणी सक्तीची करावी, असं त्यांनी सुचवलं. फेब्रुवारी २०१४मध्ये सरकारचं उत्तर आलं. प्रशिक्षणावर काम करू म्हणाले, पण फिलरला चिठ्ठी नाही आणि नोंदणीची सक्ती नाही. २०१८मध्ये एक नोंदवही उघडली गेली, तीही ऐच्छिक. नाव घालायचं की नाही हे टोचणाऱ्याच्या मनावर.

मला या उत्तराचा आजही राग येतो. ज्या वर्षांत लगाम घालणं सोपं होतं, ती वर्षं हातची गेली. फोनच्या समोरच्या कॅमेऱ्याने प्रत्येकाला दिवसातून दहा वेळा आपलाच चेहरा दाखवायला सुरुवात केली. २०१५च्या मे महिन्यात कायली जेनर या तेव्हा सतरा वर्षांच्या तारकेने ओठांत फिलर घेतल्याचं सांगितलं, आणि तिच्याच वयाच्या मुली तसले ओठ मागू लागल्या. एका दिवसाचा वर्ग करून प्रमाणपत्र मिळू लागलं. केशकर्तनालयाच्या मागच्या खोलीत, घराच्या स्वयंपाकघरात, हॉटेलच्या खोलीत सुया टोचल्या जाऊ लागल्या, सार्वजनिक स्वच्छतागृहात टोचल्याच्याही तक्रारी आल्या. महासाथीत माणसं दिवसभर पडद्यावर स्वतःला पाहत बसली आणि मागणी आणखी वाढली. सौंदर्य शल्यचिकित्सकांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेच्या पाहणीप्रमाणे २०२३मध्ये जगभरात असे शस्त्रक्रियेविना उपचार १ कोटी ९१ लाखांच्या घरात होते. ही मोजणी तज्ज्ञांनी केलेल्या कामाची. मागच्या खोल्यांतली मोजणी कुणाकडे असणार?

कायदा हलला तो मुलांमुळे. इंग्लंडमध्ये पंधरा वर्षांच्या मुलीनेही फिलर घेतलं तरी गुन्हा होत नव्हता. १८ वर्षांखालच्यांवर २०२० या एका वर्षात बोटॉक्सजातीचे ४१ हजारांपर्यंत उपचार झाले असावेत, असा सरकारचा स्वतःचा अंदाज होता. लॉरा ट्रॉट या खासदारांनी खाजगी विधेयक आणलं आणि १ ऑक्टोबर २०२१पासून अल्पवयीनांवरचे असे उपचार बंद झाले. २०२२च्या आरोग्य कायद्यात परवाना पद्धत आणण्याचा अधिकार मंत्र्यांनी घेतला, २०२३मध्ये लोकांची मतं मागवली, आणि परवाना कागदावरच राहिला. वेल्समध्ये २०२४च्या नोव्हेंबरपासून टॅटू काढणाऱ्याला, कान टोचणाऱ्याला, अॅक्युपंक्चरवाल्याला परवाना लागतो. ओठात जेल भरणाऱ्याला त्यात धरलेलं नाही.

तोवर ओठापुरतं एखादं मिलिलिटर टोचणारे हात नितंबांपर्यंत पोचले होते. तिथे जेल शेकडो मिलिलिटर जातं. शस्त्रक्रिया नाही, भूल नाही, म्हणून धोका नाही, अशी जाहिरात चालली होती. सप्टेंबर २०२४मध्ये हा उपचार घेतल्यानंतर इंग्लंडमध्ये एका तरुण आईचा मृत्यू झाला. ऑगस्ट २०२५मध्ये सरकारने जाहीर केलं की असे सर्वांत धोक्याचे उपचार फक्त पात्र वैद्यकीय व्यावसायिकच करतील, आणि बोटॉक्स-फिलरसाठी स्थानिक प्रशासनाचा परवाना लागेल. नियमांचा तपशील पुढच्या सल्लामसलतीवर सोडला.

हे सगळं वाचताना मराठी वाचकाला ते परदेशातलं वाटू नये. आपल्याकडे लग्नसराईच्या तोंडावर नवरीच्या पॅकेजात मेहंदीशेजारी लेझर आणि ग्लो इंजेक्शन बसलेलं असतं. कायद्याने आपण ब्रिटनपेक्षा कडक आहोत. नोंदणी नसलेल्याने वैद्यक व्यवसाय करणं महाराष्ट्रात १९६१च्या कायद्यापासून गुन्हा आहे. राष्ट्रीय वैद्यक आयोगाने २०२२मध्ये केशरोपण आणि सौंदर्य शस्त्रक्रियांबद्दल सूचना काढताना, यूट्यूब किंवा कार्यशाळा पाहणं म्हणजे प्रशिक्षण नव्हे, असं स्पष्ट लिहिलं. हे लिहावं लागलं, यातच सगळं आलं. २०१८मध्ये १४ स्टिरॉइड मलमं चिठ्ठीच्या यादीत गेली, तरी गोरेपणासाठी ती चेहऱ्याला चोळली जातच आहेत. अकोल्यात स्थानिक ब्यूटिशियनकडून घेतलेलं क्रीम लावून एकाच घरातल्या तिघींची मूत्रपिंडं बिघडली, तेव्हा मुंबईच्या केईएम रुग्णालयाच्या तपासात त्या क्रीममध्ये पारा निघाला. तिथे तर सुईचीही गरज पडली नव्हती.

आणि आपल्या कातडीचा रंग. लेझरचा किरण रंगद्रव्य शोधत जातो, केसाच्या मुळातलंही आणि त्वचेतलंही. त्वचेचे प्रकार मोजायची जी पट्टी जगभर वापरतात, ती थॉमस फिट्झपॅट्रिक यांनी १९७५मध्ये गोऱ्या कातडीसाठी केली. सावळ्या आणि काळ्या त्वचेचे पाचवा-सहावा प्रकार तिच्यात नंतर जोडले गेले. गोऱ्या पायांसाठी ठरवलेली मात्रा सावळ्या गालावर मारली तर केस जातात आणि भाजल्याचे डाग राहतात. खोलवर जाणारा आणि त्वचेतलं रंगद्रव्य ज्याला कमी शोषतं असा १०६४ नॅनोमीटरचा किरण आपल्यासाठी जास्त सुरक्षित. म्हणून लेझरच्या खोलीत शिरताना मशीन कोणतं आहे आणि ते चालवणारं कोण आहे, हे प्रत्येक मुलीने विचारावं. तिथली माणसं नाराज झाली तर होऊ द्यावीत.

डरहॅमकडच्या त्या रुग्णांवर उपचार होता. बोट्युलिझमचं प्रतिविष रक्तात फिरणारं विष निकामी करतं. चेतातंतूच्या टोकात शिरून बसलेल्या विषाला मात्र ते हात लावू शकत नाही. तंतूला नवे फाटे फुटून स्नायूशी पुन्हा जोड जमेपर्यंत थांबावंच लागतं. भुवयांमधल्या आठ्या तीन-चार महिने निवळलेल्या राहतात त्या याच कारणाने, आणि डोळा उघडायला, घोट गिळायला, क्वचित स्वतःचा श्वास स्वतः घ्यायलाही आठवडे-महिने लागतात तेही याच कारणाने.